बटणाभोवतीचा डाग

घर जसं घेतलं तसंच परत करण्यात आल्मुट वीसनरचा हात धरणारं कोणी नव्हतं. लोकांना वाटतं, नेपथ्यकाराचं काम म्हणजे घर उभं करणं. ते अर्धंच झालं. रविवारी संध्याकाळी अख्खा जर्मनी टीव्हीसमोर बसून जो खूनपट बघतो, त्यातलं मेलेल्या माणसाचं घर बहुतेक वेळा कुणा जिवंत माणसाचं असतं. त्या माणसाला आठ-दहा दिवस हॉटेलात धाडायचं, त्याचा संसार खोक्यांत भरायचा, भिंतींना आपल्याला हवा तो रंग फासायचा, आणि शूटिंग आटोपलं की सगळं होतं तसं करून द्यायचं. ‘मूळ स्थितीत परत’ असं करारात कलमच असतं. बाकीचे नेपथ्यकार हे काम हाताखालच्यांच्या गळ्यात मारून पुढच्या शहरात पळतात. आल्मुट मात्र स्वतः थांबायची. घराला बोट लावण्याआधी ती फोटो काढून घ्यायची. हाले शहरातल्या आत्ताच्या घराचे तर चारशे बारा काढले होते. कपाटातल्या कपांचे कान कुठे वळले होते, सोफ्यावरची उशी कोणत्या अंगाला दबली होती, खिडकीतली कुंडी पडद्यापासून किती बोटं दूर होती, सगळं त्यात होतं.

म्युनिकला एकदा एक बाई हॉटेलातून परत आल्यावर घरभर हिंडली आणि म्हणाली, शूटिंग झालं की रद्द केलंत? आयुष्यात मिळालेल्या शाबासक्यांत आल्मुटला ही सगळ्यात जास्त आवडायची. नीट बघितलं तर त्या बाईच्या बोलण्याचा अर्थ एवढाच होता, की तू इथे आलीच नव्हतीस. पण आल्मुटने तो तसा कधी लावला नाही. ती हॉटेलांतल्या जेवणाच्या टेबलांवर ही गोष्ट मोठ्या कौतुकाने सांगायची.

आता तिला चौसष्ट पुरी झाली होती. ड्रेस्डेनला नाटकाचे पडदे रंगवायला शिकली, तेविसाव्या वर्षी बाबेल्सबर्गच्या स्टुडिओत रंगारी म्हणून लागली आणि तिथल्या एका म्हाताऱ्या उस्तादाच्या हाताखाली जुनेपणा करायला शिकली. जुनेपणा करणं हे या धंद्यातलं खरं कसब. सकाळी सुताराने ठोकलेली फळी दुपारी चाळीस वर्षांची दिसली पाहिजे. चहाचं पाणी, मेण, शेगडीतली राख, झाडलोटीतली धूळ, जे हाताला लागेल ते वापरायचं. उस्ताद म्हणायचा, इथे कोण राहत होतं ते आधी ठरव, नाहीतर तुझा डाग भिंतीवर असेल, घरात नसेल. मग बर्लिनची भिंत पडली, पूर्व जर्मनी नावाचा देश गेला, देशाबरोबर नोकरी गेली, आणि आल्मुट टीव्हीवाल्यांकडे आली. तीस वर्षांत तिने एक अंतराळयान बांधलं, दोन राजवाडे बांधले, आणि मेलेल्यांची घरं एकसष्ट. जी स्टुडिओत उभी केली ती शेवटचा शॉट झाला त्याच दुपारी मोडून कचऱ्याच्या कंटेनरमध्ये गेली. जी लोकांच्या घरांत केली ती तिने स्वतःच्या हाताने पुसली. सेटवर दिवे लावणाऱ्या हेनरिकशी तिचं लग्न झालं होतं. सहा वर्षांनी ते मोडायची वेळ आली तेव्हा समोरासमोर भांडावं म्हटलं तर दोघं एका गावात सापडेनात, शेवटी फोनवरच उरकलं. मूलबाळ नव्हतं. बाबेल्सबर्गला तिचं दोन खोल्यांचं घर होतं, तिथे ती वर्षातले निम्मे दिवससुद्धा नसायची आणि असायची तेव्हा तिला करमायचं नाही. ती एकटी होती. कोणी विचारलं असतं तर तिने साफ नाही म्हटलं असतं, पण विचारणारंच कोणी नव्हतं.

हालेचं घर तिसऱ्या मजल्यावर होतं. मालक लोथार कुनाट, वय एक्क्याऐंशी, उंच, सुकलेला, डोक्यावर कायम एक कापडी टोपी, आणि तोंडाने फटकळ. बुधवारी सकाळी घर ताब्यात घ्यायला तो आला तो हॉटेलच्या नावाने बोटं मोडतच आला. तिथली अंडी म्हणे रबराची होती. प्रॉडक्शनचा माणूस कागदांची फाइल धरून त्याच्या मागे, आल्मुट त्याच्या पुढे, असे तिघं खोल्याखोल्यांतून फिरले. कुनाटने कपाटं उघडली, लावली. सोफ्यावर बसून बघितलं. कुंडीकडे बघितलं. भिंती पांढऱ्याशुभ्र होत्या. शूटिंगसाठी त्या सिगारेटच्या धुराने पिवळ्या पडल्यासारख्या रंगवल्या होत्या, म्हणून परत करताना योर्न नावाच्या त्यांच्या रंगाऱ्याने घरभर नवा रंग दिला होता. ही प्रॉडक्शनची नेहमीची पद्धत. घरमालकाला फुकटात रंग मिळतो, तो खूश होतो, आणि तक्रारीचा कागद कोरा राहतो.

"तक्रारीला जागाच ठेवली नाहीत," कुनाट म्हणाला, "हीच काय ती तक्रार." त्याने सही केली. प्रॉडक्शनचा माणूस दोघांशी हात मिळवून जिना उतरला, त्याला पुढची दोन घरं आटपायची होती. आल्मुट आपली पिशवी घ्यायला स्वयंपाकघरात गेली तर कुनाट दारातच उभा होता, आतल्या बाजूच्या दिव्याच्या बटणासमोर. टोपी त्याने काढून हातात घेतली होती.

"इथं एक डाग होता," तो म्हणाला.

आल्मुटला वाटलं, म्हातारा आभार मानतोय. ती म्हणाली, हो, सगळं स्वच्छ केलंय, धुऊन रंगवलंय.

"माझ्या बायकोचा होता."

मग त्याने सांगितलं, तेही तिच्याकडे न बघता, बटणाशी बोलावं तसं. तो चाळीसावर वर्षं रंगारी होता, मिस्त्री, हाताखाली सहा माणसं. अर्ध्या हालेच्या भिंती त्याने रंगवल्या. स्वतःच्या स्वयंपाकघराला मात्र मुहूर्त कधी लागला नाही. त्याची बायको इर्मट्राउट, तिला तो ट्राउडेल म्हणायचा, ती आल्यागेल्याला त्या बटणापाशी नेऊन दाखवायची, की बघा, रंगारी मिस्त्रीच्या बायकोची भिंत बघा. शेहेचाळीस वर्षं तिने त्या जागेवरून त्याला टोमणे मारले. चार वर्षांपूर्वी फेब्रुवारीत ती गेली. मार्चमध्ये त्याने रंगाची बादली आणली, आणि ती अजून तळघरात तशीच होती, झाकणही न उघडलेली. रोज संध्याकाळी दिवा लावताना हात तिच्या हाताच्या जागी पडायचा. तेवढंच होतं, असं तो म्हणाला.

आल्मुटने मनातल्या मनात फोटो चाळले. चारशे बारा फोटो, आणि ही भिंत एकातही धड नव्हती. फोटो काढताना ती नेमकी या भिंतीला पाठ लावून उभी राहिली होती. कपांच्या कानांची काळजी वाहणाऱ्या बाईला हा डाग दिसला नव्हता असंही नाही. दिसला होता. तिने मनात त्याला चांगला डाग म्हटलं होतं आणि योर्नला सांगितलं होतं, की इथे जरा नीट धू, नाहीतर वर येईल. बायकोचा हात गेला, आणि करारात लिहिलं होतं ‘मूळ स्थितीत’.

"रंगाखाली आहे तो," तिच्या तोंडून निघून गेलं. "वरचा थर काढला की मिळेल. मी शनिवारी येऊन काढून देते." आपण हे एका रंगारी मिस्त्रीला सांगतोय हे तिच्या लक्षात आलं तोवर शब्द गेले होते.

कुनाट तिच्याकडे बघत राहिला. मग त्याने टोपी डोक्यावर घातली. "शनिवारी," तो म्हणाला. "तीन वाजता. कॉफी करतो."

रस्त्यावर येऊन तिने योर्नला फोन लावला. योर्न एव्हाना लायपझिगच्या वाटेला लागला होता. त्याने सांगितलं, की सोड्याने धुतलं, त्यावर डाग अडवणारं अस्तर दिलं, त्यावर रंगाचे दोन हात. तो डाग आता भिंतीत नाही, बादलीतून मोरीत गेला. मग त्याने विचारलं, की का, काही राहिलं का? आल्मुट म्हणाली, काही नाही, सहज.

खरं सांगून मोकळं होणं हा एक मार्ग होता. दोन दिवस हॉटेलच्या खोलीत तिने तो विचार करून बघितला आणि प्रत्येक वेळी तिच्या डोळ्यांसमोर तो टोपी हातात धरलेला माणूस आला. सोमवारी तिला ग्योर्लिट्झला पुढच्या कामावर हजर व्हायचं होतं. मध्ये शनिवार होता. आणि डाग पाडणं तर तिचा धंदाच होता. चाळीस वर्षं तिने जे नव्हते अशा माणसांचे डाग पाडले होते, मग जी खरोखर होती तिचा एक पाडता येऊ नये? हे मनात आलं आणि तिला फार दिवसांनी कामाची घाई झाली. ते दयेपोटी होतं असं तिने स्वतःला सांगितलं. दया होतीही. पण तिने पाडलेला एक डाग कोणी पुसणार नाही, त्याच्याशेजारी कोणी रोज उभं राहील, ही हाव त्यात नव्हती असं कोणी म्हणू नये.

शनिवारी तीनच्या ठोक्याला ती आपली लाकडी पेटी घेऊन हजर झाली. कुनाटने इस्त्रीचा शर्ट घातला होता. टेबलावर पांढरी चादर, चांगले कप, आणि मधोमध भुरभुऱ्या लोण्यासाखरेचा थर दिलेला केक, एका माणसाला आठवडाभर पुरेल एवढा. त्याने दोन मोठे तुकडे कापले आणि कॉफी ओतली. आल्मुटने खाता खाता विचारायला सुरुवात केली. पात्राबद्दल लेखकाला विचारायची तिला सवय होती, तशीच ती विचारत गेली. काढताना कुठे हलका हात ठेवायचा ते कळावं म्हणून विचारते, असं तिने कारण दिलं.

"उंच होत्या का?"

"ट्राउडेल? काखेत मावायची माझ्या."

दिवा कोणत्या हाताने लावायची, तर डाव्या. शाळेत छड्या मारून मारून उजव्या हाताने लिहायला लावलं होतं, बाकी सगळं डावखुरं. शिवाय उजव्या हातात कोळशाची बादली असायची. तळघरातून तीन जिने चढून ती यायची आणि बादली खाली न ठेवताच दिवा लावायची, कारण बादली ठेवली की पुन्हा उचलणं जिवावर यायचं. कुनाट उठून दारापर्यंत गेला आणि त्याने तो पवित्रा करून दाखवला, उजवा खांदा खाली, डावा हात तिरका वर. म्हणून डाग सरळ नव्हता, डावीकडून वर चढत गेलेला होता. गॅस आला तेव्हा कोळसा थांबला. मग काय, तर मग कोको. ती चॉकलेटच्या कारखान्यात होती, हाताला कायम ते कोकोचं तूप, कितीही धुतलं तरी. अंगठी घालायची नाही, बोटं सुजायची. पुढे घरीच असायची, तेव्हा केकची कणीक मळता मळता उठून दिवा लावायची. आल्मुट मनात एकेक थर लावत होती. खाली काळा, त्यावर तेलकट तांबूस, त्यावर पुन्हा कणकेचा पांढुरका. शेहेचाळीस वर्षं या घरात वावरलेली एक बाई तिच्यासमोर उभी राहायला लागली होती.

"खाली पण होता ना थोडा?" तिने विचारलं. तिला अंधुक आठवत होतं.

"तो नंतरचा. शेवटच्या दोन वर्षांतला. हात चुकायला लागला होता तिचा, बटणाच्या खाली वीतभर पडायचा. मी म्हणायचो, बाई, चष्मा घाल."

"बोटं पडायची की सगळा तळवा?"

"तळवा," कुनाट म्हणाला. त्याने टेबलावर आपला हात पालथा ठेवून बघितला, जोर देऊन. मग पुन्हा एकदा, आणखी जोर देऊन. आल्मुटने हातातला तुकडा बशीत ठेवला, तिच्या आधीच ध्यानात आलं होतं.

"टेकत होती ती," तो म्हणाला. "बटण नव्हती शोधत. भिंतीला टेकत होती. आणि मी चष्म्यावरनं बोलत होतो."

त्याने दोन्ही कप उचलून मोरीत नेऊन ठेवले, एक अर्धा भरलेला होता तरी. ट्रामने दोन थांब्यांवर त्याचा बागेचा तुकडा होता, तिकडे जाऊन येतो म्हणाला, कोबीला पाणी घालायचंय. किती वेळ लागेल? आल्मुट म्हणाली, तीन तास. जिन्यावरून त्याची पावलं उतरत गेली तेव्हा तिला आपण चोर असल्यासारखं वाटलं. या माणसाला जे चार वर्षं कळलं नव्हतं ते आपण केक खाता खाता त्याच्याकडून काढून घेतलं, आणि आता त्याचंच आपण नेपथ्य करणार.

पण पेटी उघडली आणि ती सगळं विसरली. आधी हातभर भिंत तिने स्वयंपाकाच्या वाफेने मळल्यासारखी करून घेतली, कारण कोऱ्या भिंतीवर एकटा डाग लगेच खोटा पडतो. मग काजळी आणि मेण डाव्या तळव्याला चोळलं, उजव्या हातात पाण्याने भरलेली बादली घेतली आणि दाराबाहेर जाऊन आत आली. दिवा लावला. बाहेर गेली, आत आली, दिवा लावला. ब्रशने झालं असतं, पण ब्रशला खांदा नसतो. शंभरेक वेळा झाल्यावर तिचा उजवा हात भरून आला आणि डावा आपोआप तिरका पडायला लागला. समोरच्या घरातल्या बाईने शेवटी पडदा बाजूला सारून बघितलं, की हे काय चाललंय. मग कोको आणि लोणी, नुसत्या बोटांनी. मग कणीक. खालच्या डागासाठी तिने बादली ठेवून दिली. दाराशी आली, थांबली, आणि सगळा भार त्या हातावर टाकला, जसा पाय लटपटायला लागल्यावर टाकतात. तो तिने फक्त वीस-पंचवीस वेळा केला. पुढे तिच्याने होईना, ती ओट्यापाशी बसून थोडा वेळ रडली. एकसष्ट मेलेल्यांच्या घरांत तिला एकदाही रडू आलं नव्हतं.

सातच्या सुमाराला ती भिंतीपासून दूर जाऊन उभी राहिली. तिने आजवर केलेल्यात याच्याइतकं चांगलं काही नव्हतं. हे तिला कोणी सांगायची गरज नव्हती. सवयीने फोटोसाठी तिचा हात खिशाकडे गेला, पण तिने फोन काढला नाही. याचा फोटो लागणारच नव्हता, हा इथेच राहणार होता.

कुनाट आला तो हातात कोबी घेऊन. कोबी ओट्यावर ठेवून तो दाराशी आला आणि बघत उभा राहिला. मग वाकला, खालचा डाग बघितला. मग आपला हात त्याने वरच्या डागावर धरला, टेकवला नाही, नुसता धरला.

"अस्तराचा वास मला बुधवारी दारातच आला होता," तो म्हणाला. "त्या अस्तरातनं डाग परत निघत नसतो. मी चाळीस वर्षं तेच विकलंय लोकांना."

आल्मुटचे कान तापले. तिने विचारलं, मग बोलला का नाहीत, येऊ का दिलंत.

"शनिवारी कोणीतरी येणार होतं," कुनाट म्हणाला. "चार वर्षांत कॉफीला कोणी आलं नाही. म्हटलं, थापा मारत का होईना, येऊ दे."

तो पुढे म्हणाला, की त्याला वाटलं होतं ती सिनेमातल्यासारखं काहीतरी फासून जाईल, तो चार दिवस हसेल आणि तळघरातली बादली आणून पुसून टाकेल. आता मात्र त्याचा आवाज फटकळ राहिला नव्हता.

"हा तिचाच आहे. कसा केलात देव जाणे, पण तिचाच आहे. म्हणून नको. महिनाभरात मी विसरेन की तुम्ही केलाय. मग रोज तुमच्या कामाला हात लावीन आणि ट्राउडेलशी बोलीन. तेवढा म्हातारा मला व्हायचं नाही."

"राहू द्या," आल्मुट म्हणाली. एवढ्या वर्षांत तिने कोणापुढे कुठल्या सेटसाठी तोंड वेंगाडलं नव्हतं. "कुनाटसाहेब, माझं कुठेच काही उरलेलं नाही. कुठेच. हा एवढा एक राहू द्या."

"कळतं मला," तो म्हणाला. "मी रंगवलेल्या भिंतींवर पण दुसऱ्यांनी रंग मारलेत. पण इथं नको, वीसनरबाई."

तो तळघरात गेला आणि ती न उघडलेली बादली घेऊन आला. तीन जिने चढून त्याला धाप लागली होती, तरी बादली त्याने तिच्या हातात दिली नाही. झाकण उघडलं, काठीने ढवळलं, जुना रोलर पाण्यातून काढून पिळला. आधी कडेने ब्रश, मग रोलर. हात अजून सरळ चालत होता, एक ओघळ आला नाही. आल्मुट शेजारी ओली फडकी घेऊन उभी होती आणि आपलं आयुष्यातलं सगळ्यात चांगलं काम चार मिनिटांत जाताना बघत होती. कोकोचा तांबूस पुन्हा वर येऊ पाहत होता, कुनाटने त्यावर आणखी एक हात दिला. पन्नास वर्षांनी मिस्त्रीने स्वतःच्या स्वयंपाकघराला रंग लावला होता, आणि टोमणा मारायला कोणी नव्हतं.

बाहेर उजेड गेला होता. दिवा कधीतरी मालवलेला होता. कुनाट म्हणाला, लावा हो जरा, मला कड दिसत नाही. आल्मुटने बोट दुमडून त्याच्या पेराने बटण दाबायला हात पुढे केला. परक्या घरांत भिंत मळू नये म्हणून सेटवरचे सगळे असेच दिवे लावतात.

"तसं नाही," कुनाट म्हणाला. इतका वेळ अहो-जाहो करणारा माणूस एकदम एकेरीवर आला, तेही त्याच्या लक्षात न येता. "चोरासारखा काय लावतेस? घरातल्यासारखा लाव."

तीन तास जो हात चालला होता तोच पुढे गेला. डावा, तिरका, सगळा तळवा. दिवा लागला आणि तिने हात काढला तर बटणाशेजारी ओल्या रंगात तिच्या तळव्याचा ठसा उठला होता, पाचही बोटांसकट. ती दचकली, चुकले म्हणाली आणि फडकं घेऊन पुढे झाली. कुनाटने रोलर उचलला, भिंतीपर्यंत नेला, आणि तसाच पाण्याच्या बादलीत सोडून दिला.

"असू दे," तो म्हणाला. "हा कोणाचा आहे ते मला ठाऊक आहे."